भिड्यांना ‘शुद्ध’ म्हणू नका

मागच्या महिन्यात आमच्या ज्येष्ठ नागरिक संघात एक व्याख्यान झालं. विषय ‘अभिजात मराठी आणि आपण’. ३ ऑक्टोबर २०२४ ला केंद्र सरकारने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला, तेव्हापासून आमच्याकडे या विषयाला तोटा नाही. दर दोन-तीन महिन्यांनी कुणीतरी येतं, अभिजात म्हणजे काय ते सांगतं, आम्ही टाळ्या वाजवतो, चहा-बिस्किटं घेतो आणि घरी येतो. यावेळचे वक्ते मात्र जरा तापलेले होते. म्हणाले, एकेकाळी आपल्या कानावर प्रदीप भिडे यांची शुद्ध मराठी पडायची. आणि आता? आता टीव्हीवर उभं राहून पोरं ‘पानी’ म्हणतात!

‘पानी’ हा शब्द त्यांनी नाकात काढून म्हटला. सभागृह हसलं. मीही सवयीने हसायला तोंड उघडलं होतं. तेवढ्यात मागे कप मांडणाऱ्या ताईंकडे लक्ष गेलं. त्या खेड तालुक्याच्या पूर्व भागातल्या आहेत, नवरा चाकणला कंत्राटी कामावर आहे. त्या हसल्या नाहीत. खाली बघून कपाला कप लावत राहिल्या.

मी सभेत काही बोलले नाही. बोलायला हवं होतं. पंचाहत्तरीला आले तरी सभेत हात वर करायचा म्हटला की छाती धडधडते. म्हणून हे इथे लिहिते आहे. त्या वक्त्यांपर्यंत पोचलं तर बरंच आहे.

आधी एक सांगते. प्रदीप भिडे मला फार आवडायचे. आजही आवडतात. त्यामुळे हे त्यांच्याविरुद्ध काही आहे असं समजू नका. भांडण आहे ते त्यांचं नाव छडीसारखं वापरणाऱ्यांशी. त्यात मी स्वतःही आले, ते पुढे सांगतेच.

घरी आल्यावर नातीला हे सांगायला लागले तर तिने विचारलं, “आजी, प्रदीप भिडे कोण?” ती आकुर्डीला इंजिनिअरिंग करते, बऱ्यापैकी वाचते, पण तिला हे नाव माहीत नव्हतं. तिचा दोष नाही. बातम्या वाचणाऱ्या माणसाचं आयुष्य असंच असतं. नाटकाचे प्रयोग पुन्हा लागतात, सिनेमा पुन्हा दिसतो. कालची बातमी कोण पुन्हा ऐकणार?

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं, वरळीहून. पुढच्या वर्षी सिंहगडावरच्या केंद्रामुळे ते पुण्यात दिसू लागलं आणि पुण्याबरोबर आमच्या पिंपरी-चिंचवडलाही. तेव्हा इथे महानगरपालिकाही नव्हती, नगरपालिका होती. मराठीतले पहिले वृत्तनिवेदक म्हणून डॉ. विश्वास मेहेंदळे यांचं नाव घेतात, ते जानेवारी २०२३ मध्ये गेले. त्या सुरुवातीच्या मंडळींत स्मिता पाटील होती, भक्ती बर्वे होती, प्रा. अनंत भावे होते, जे लहान मुलांसाठी फार गोड कविता लिहायचे. प्रदीप भिडे सत्तरच्याच दशकात आले. विज्ञानाचे पदवीधर, पुण्याच्या रानडे इन्स्टिट्यूटमध्ये पत्रकारितेचं शिक्षण. खाजगी कंपनीत जनसंपर्काची नोकरी करत करत त्यांनी बातम्या वाचल्या, पुढे निवेदन हाच पूर्णवेळ व्यवसाय केला, स्वतःचा ध्वनिमुद्रणाचा स्टुडिओ काढला, जाहिराती आणि माहितीपटांना आवाज दिला, सरकारी आणि खाजगी समारंभांचं सूत्रसंचालन केलं. आणि जवळजवळ चाळीस वर्षं संध्याकाळच्या बातम्या वाचल्या. ७ जून २०२२ ला ते गेले.

झालं, एवढंच चरित्र. नातीला हे सगळं सांगायला तीन मिनिटं लागली. स्मिता सिनेमात गेली म्हणून ती सगळ्यांना माहीत आहे. साडी नेसायची ती जीन्सवरून, असं लोक अजून सांगतात. भक्ती बर्वे नाटकामुळे लक्षात राहिली. भिडे बातम्यांतच राहिले. गेले तेव्हा सगळीकडे तेच तेच वाचलं, ‘भारदस्त आवाज’, ‘शुद्ध उच्चार’, ‘एका युगाचा अंत’. आवाज तर देवाने दिलेला असतो, त्यात माणसाचं कर्तृत्व ते काय? आणि शुद्ध म्हणजे तरी काय?

भिडे नेमकं काय करायचे ते मला आमच्या ह्यांच्यामुळे कळलं. हे एका कंपनीत टूलरूमला होते. आमचं लग्न १९७४ चं, टीव्ही घरात आला १९८३ ला. तोवर शेजाऱ्यांच्या खिडकीतून बघायचो. पहिली पाळी असली की हे चारला घरी यायचे, झोपायचे आणि बातम्यांना उठायचे. एकदा म्हणाले, “हा माणूस जॉब बरोबर ड्रॉइंगप्रमाणे देतो बघ. स्वतःची नक्षी काढत नाही.” मी तेव्हा हसले होते. बातम्या वाचणं म्हणजे काय लेथवर दांडा घासणं आहे का?

पण नंतर लक्ष देऊन ऐकायला लागले. आता हेच बघा, आपल्या गावाचं नाव, चिंचवड. यात दोन च आहेत आणि दोन्ही वेगळे आहेत. पहिला चिमणीतला, दुसरा चमच्यातला. लिहिताना एकच अक्षर. चाकणचा च चाकातला, चारमधला नव्हे. ‘साऱ्या जगात’ म्हणतो तो जग वेगळा आणि ‘नीट जग बाबा’ म्हणतो तो जग वेगळा. कागदावर यातलं काहीच दिसत नाही. वाचणाऱ्याला ते माहीत असावं लागतं, आणि माहीत असून जीभेवर तयार असावं लागतं, कारण थांबायला वेळ नसतो. त्यात आकडे. सत्तेचाळीस, सदुसष्ट, एकोणऐंशी. आमच्या दहावीच्या वर्गात पंचवीस मुलं एकोणऐंशीला अडखळायची. भिडे धरणातला पाणीसाठा, मतमोजणी, अर्थसंकल्प, सगळं असं वाचायचे की ऐकणाऱ्याला आकडा एकदाच ऐकून समजायचा. परदेशातल्या पंतप्रधानांची नावं आणि आपल्याकडच्या वाड्या-वस्त्यांची नावं सारख्याच आदराने. सुरुवातीच्या काळात तर समोर टेलिप्रॉम्प्टर नसायचा, हातातल्या कागदावरून वाचायचं आणि मान वर करून आपल्याकडे बघायचं. पुन्हा मान खाली घातली की ओळ सापडली पाहिजे. वर्गात प्रकट वाचन घेणाऱ्या कुठल्याही शिक्षकाला विचारा, हे किती अवघड आहे.

याच्याइतकंच अवघड म्हणजे चेहरा. अपघाताची बातमी वाचताना रडायचं नाही, क्रिकेटची वाचताना नाचायचं नाही. ऐकणाऱ्याला काय वाटायचं ते त्याचं त्याला वाटू द्यायचं. मघाशी ह्यांचं नक्षीचं वाक्य सांगितलं ना, ते हे.

आता ‘शुद्ध’कडे येते.

मी जन्माने भीमेकाठची. खेडच्या पुढे आमचं गाव. आमच्या घरात ‘पानी’च होतं. ‘व्हतं’, ‘न्हाई’, ‘कुनी’, ‘आन्’... आईने आयुष्यभर याच भाषेत ओव्या म्हटल्या, शिव्या दिल्या, आम्हाला वाढवलं. पुण्याला मोठ्या बहिणीकडे राहून मी बी.ए. केलं, मराठी माध्यमातून. पहिल्याच महिन्यात तासाला उभी राहून उत्तर दिलं आणि वर्ग हसला. उत्तर बरोबर होतं हो. ‘ण’ चुकला होता. त्या दिवसापासून मी बहिणीच्या घरी रेडिओ लावून, त्यातली वाक्यं पुटपुटत, जीभ वळवायला शिकले. वर्षभरात माझा ण, माझा ळ सगळं जागेवर आलं. सुट्टीत घरी गेले तर आई म्हणाली, “तू कुनाशी बोलतीस? माझ्याशी बोल की.” ते वाक्य मी पन्नास वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं.

असं सगळं सोसलेली बाई शिक्षिका झाल्यावर शहाणी व्हायला हवी होती की नाही? नाही झाली.

साल १९८६ असेल. आमच्या शाळेत आजूबाजूच्या गावांतली मुलं यायला लागली होती. कारखान्यांसाठी जमिनी गेल्या होत्या, बाप कुठे वॉचमन, कुठे हेल्पर. नववीत एक मुलगा होता. हुशार, पण लाजाळू. धडा वाचायला उभा केला तर त्याने ‘पाणी’ला ‘पानी’ म्हटलं आणि ‘होता’ला ‘व्हता’. मी म्हणाले, “अरे, बातम्या ऐकतोस की नाही? ते प्रदीप भिडे कसे बोलतात बघ जरा! त्यांच्या तोंडून कधी ‘पानी’ ऐकलंस?” वर्ग खदखदून हसला. तो म्हणाला, “बाई, आमच्यात टीव्ही न्हाई.” त्यावर वर्ग आणखी हसला. तो खाली बसला.

त्यानंतर दहावी होईपर्यंत तो माझ्या तासाला वाचायला उभा राहिला नाही. उभा केला तर घशाला हात लावून दाखवायचा, घसा बसलाय म्हणून. दोन वर्षं घसा बसलेला. मला तेव्हा ते कळलं नाही, की कळूनही मी कळून घेतलं नाही, कोण जाणे.

तर मुद्दा असा. शुद्ध-अशुद्ध हे शब्द भाषेच्या दप्तरातले नाहीत, सोवळ्या-ओवळ्याच्या कपाटातले आहेत. तूप शुद्ध असतं, म्हणजे त्यात भेसळ नसते. मग माझ्या आईच्या बोलण्यात कसली भेसळ होती? ती जे बोलत होती ते तिच्या आईकडून, आजीकडून आलेलं, पिढ्यान् पिढ्यांचं. इथून हाकेच्या अंतरावर देहू आहे, आळंदी आहे. अभिजात दर्जा मागताना ज्या ग्रंथांची नावं घेतली गेली त्यांतल्या काहींचे कर्ते या नदीकाठचे. त्यांच्या काळी सातच्या बातम्या नव्हत्या आणि ‘प्रमाण उच्चार’ तपासणारं कुणी नव्हतं, तरी भाषा आपल्यापर्यंत आली ना?

यावर मला लगेच विचारतील, आणि संघातल्या एका बाईंनी विचारलंच, की अहो तुम्हीच पस्तीस वर्षं शुद्धलेखन शिकवलंत, मार्क कापलेत, आता कुठल्या तोंडाने बोलता? बरोबर आहे. शिकवलं, आणि उद्या वर्ग दिला तर पुन्हा शिकवीन. कारण एक सामायिक मराठी लागतेच. सावंतवाडीच्या माणसाला आणि गडचिरोलीच्या माणसाला एकाच वेळी एकच बातमी सांगायची तर दोघांना समजेल असं काहीतरी मधलं लागणार. अर्ज लिहायला, कोर्टात, पुस्तकात लागणार. त्याला आपल्याकडे फार चांगला शब्द आहे, प्रमाण. प्रमाण म्हणजे माप. ह्यांच्या टूलरूममध्ये गेज असायचं. जॉब त्यात बसतो की नाही ते बघायचं, बसला नाही तर दुरुस्त करायचा. पण गेज जॉबला लावतात, कामगाराला लावत नाहीत! याचा जॉब बसला नाही म्हणून याचं घराणंच वाकडं, असं कुठल्या इन्स्पेक्टरने म्हटल्याचं ऐकलं नाही. आम्ही शिक्षकांनी मात्र तेच केलं. मुलाचा उच्चार मापात बसला नाही तर मुलालाच बाद केलं. आणि माप म्हणून हातात धरला प्रदीप भिड्यांचा आवाज.

त्यांना याची कल्पनाही नसेल. वरळीला बसून बातम्या वाचणारा माणूस, त्याला काय माहीत की पिंपरीत एक बाई त्याच्या नावाने एका पोराचा आवाज बंद करते आहे.

मला या संदर्भात नेहमी ‘ती फुलराणी’ आठवतं. पु. लं.नी बर्नार्ड शॉच्या ‘पिग्मॅलियन’वरून केलेलं, १९७५ साली आलेलं. फुलं विकणाऱ्या मंजुळेची भाषा एक प्राध्यापक पैजेवर सुधारतो. मंजुळा कोणी केली? भक्ती बर्वेने. म्हणजे जी दूरदर्शनवर प्रमाण मराठीत बातम्या द्यायची, तीच रंगमंचावर जाऊन ‘अशुद्ध’ बोलणारी मंजुळा व्हायची. आणि प्रेक्षकांचा जीव कोणावर जडला? प्राध्यापकावर नाही जडला. बोलण्यावरून हिणवली गेलेली मंजुळाच सगळ्यांना आपली वाटली. नाटक आम्ही शाळेच्या शिक्षकांनी मिळून पाहिलं होतं, डोळे पुसत बाहेर पडलो होतो. सोमवारी वर्गात जाऊन पुन्हा ण आणि न. नाटकाने माणूस सुधारतो म्हणतात, त्यावर माझा फारसा विश्वास नाही तो यामुळेच. भक्ती बर्वे २००१ मध्ये मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावरच्या अपघातात गेली. फार लवकर गेली.

आता दुसरी गोष्ट. भिड्यांच्या आठवणी निघाल्या की पाठोपाठ एक वाक्य येतंच, “तेव्हाच्या बातम्या म्हणजे बातम्या होत्या.” इथेही जरा थांबा. आवाज आणि बातमी यांची गल्लत करू नका. तेव्हाचं दूरदर्शन सरकारी खातं होतं. जून १९७५ ते मार्च १९७७ आणीबाणी होती, तेव्हा तिथून सरकारला नको ते काही सांगितलं जात नव्हतं, हे पुढे सरकारच्याच श्वेतपत्रिकेत आलं. आकाशवाणी-दूरदर्शनला स्वायत्तता द्यायचा प्रसार भारतीचा कायदा १९९० साली झाला आणि अंमलात आला १९९७ ला. म्हणजे भिडे ऐन भरात होते ती सगळी वर्षं खातं मंत्रालयाच्या हाताखाली होतं. गोड आवाजात वाचलं म्हणून अर्धी बातमी पूर्ण होत नाही.

आमच्या गल्लीला याचा अनुभव आहे. सप्टेंबर १९८९. टेल्कोच्या कामगारांचं आंदोलन चाललं होतं, राजन नायर नेते. कामगार शनिवारवाड्यापाशी उपोषणाला बसले होते आणि एका पहाटे पोलिसांनी त्यांना गाड्यांत घालून नेलं. आमच्या गल्लीतल्या दोन घरांतले पुरुष त्यात होते. मोबाइल नव्हते. फोन वाण्याकडे एक. संध्याकाळी त्या दोन घरांतल्या बाया, सासवा, पोरं आमच्या बाहेरच्या खोलीत बातम्यांना येऊन बसली. बातम्या सुरू झाल्या. त्यातली एक म्हातारी टीव्हीकडे हात करून म्हणाली, “आमचा मानूस कुठं ठिवलाय तेवढं सांग की रं बाबा.”

टीव्ही कसा सांगणार? बातमी लिहिणारे वेगळे, ठरवणारे वेगळे, वाचणारा वेगळा. वाचणाऱ्याच्या हातातल्या कागदावर त्या म्हातारीचा मुलगा नव्हता. तिसऱ्या दिवशी तो स्वतःच घरी आला तेव्हा कळलं.

मग वाचणाऱ्याकडे दोष जातो का? यावर आमच्या घरात बरेचदा वाद झाला आहे. हे म्हणायचे, ड्रॉइंग चुकलं असेल तर कारागीर काय करणार? मी म्हणायचे, करणार नाही, पण त्याला कळत तर असेल? तर असा वाद. तो मिटलेला नाही, आणि तो मिटवायची मला घाईही नाही. पण ‘सुवर्णयुग’ म्हणून हार घालणाऱ्यांनी तो निदान घालून बघावा. साप्ताहिकी, छायागीत, गजरा... मलाही सगळं आठवतं, आवंढाही येतो. पण आमच्या बाहेरच्या खोलीतली ती म्हातारीही आठवते.

आणि आताच्या वाहिन्या? २००७ नंतर मराठीत चोवीस तास बातम्या सुरू झाल्या. त्यांच्यावर मीही वैतागते. एका वेळी सहा माणसं ओरडतात, खाली पट्टी पळते, बाजूला दुसरी पट्टी पळते, मधे ढोल वाजतो. हे मी बघत नाही, रक्तदाब आहे. पण यात वाईट काय आहे ते नीट सांगू या. वाईट हे आहे की ऐकणाऱ्याला ऐकू देत नाहीत. निवेदक बातमीच्या पुढे येऊन उभा राहतो. त्यात ‘पानी’चा काय संबंध? उलट याच वाहिन्यांवर मी पहिल्यांदा पाहिलं की पुराच्या पाण्यात गुडघाभर उभा राहून एक मुलगा मराठवाड्याच्या हेलात बोलतो आहे, आणि ज्याचं पीक वाहून गेलं तो शेतकरी स्वतःच्या तोंडाने, स्वतःच्या भाषेत सांगतो आहे. आधी हे शेतकरी वाक्यात असायचे, ‘शेतकऱ्यांचे मोठे नुकसान झाले आहे’ म्हणून. आता ते स्वतः बोलतात. अभिजात मराठीवाल्यांना याचा आनंद व्हायला हवा की हसू यायला हवं?

त्या पुरातल्या मुलाला मी नापास करणार नाही. चिखलात उभा राहून तो वाक्य पूर्ण करत होता, गावाचं नाव नीट घेत होता, पाणी किती फूट चढलं ते सांगत होता आणि शेतकरी बोलायला लागल्यावर गप्प बसत होता. आणि स्टुडिओत कोट घालून, ण आणि ळ अगदी जागेवर ठेवून, समोरच्याला बोलू न देणारा निवेदक... त्याला काय द्यायचे ते मार्क तुम्हीच द्या. भिड्यांशी कुणाचं नातं जोडायचंच असेल तर मी त्या पहिल्याशी जोडीन.

आमच्या वक्त्यांनी भिड्यांचं बोलणं खरंच लक्ष देऊन ऐकलं असतं तर ‘पानी’ म्हणणाऱ्यांची नक्कल त्यांनी केली नसती. चाळीस वर्षं तो माणूस रोज लाखो लोकांसमोर बसला, आणि त्यात लाखो लोक ‘पानी’ म्हणणारे होते. ते आपले श्रोते आहेत असं समजून तो बोलला. त्यांना समजावं म्हणून आकडा सावकाश सांगितला. त्यांच्या गावाचं नाव चुकवलं नाही. आपण त्यातलं फक्त ‘ण’ उचललं.

तो नववीतला मुलगा मला पुन्हा भेटला. भिडे गेले त्याच वर्षी, डिसेंबरात, चाकणजवळच्या एका मंगल कार्यालयात. माझ्या एका विद्यार्थिनीच्या मुलीचं लग्न होतं. आजकाल लग्नात एक माणूस माइक धरून उभा असतो, आलेल्या पाहुण्यांची नावं घेतो, सरपंच आले, चेअरमन आले, मामा कुठायत, मामांनी मुलीला घेऊन यावं... हा आवाज स्टेजच्या बाजूने येत होता आणि मी जेवणाच्या पंगतीत बसून ऐकत होते. दोन हजार माणसांचा कालवा, पण शब्द न् शब्द कळत होता. ‘आन्’ होतं, ‘व्हय’ होतं, ‘पानी’ तर कितीदा आलं. नावं मात्र एकही चुकलं नाही. म्हाळुंगे, निघोजे, खराबवाडी, कुठल्या गावचे, कोणाचे कोण, सगळं. पुढे जाऊन बघितलं तर पन्नाशीचा माणूस, केस पिकलेले. त्याने मला ओळखलं, मी त्याला नाही. पाया पडला. आता त्याचे दोन टेम्पो आहेत, कंपन्यांचा माल नेतात, आणि लग्नसराईत हे निवेदनाचं काम, त्याचे वेगळे पैसे.

मी म्हणाले, “अरे, तू इतकं छान बोलतोस! शाळेत असताना कधी कळलं नाही मला.”

“बाई,” तो म्हणाला, “तुमच्या तासाला मी बोलायचोच कुठं?”

रागाने म्हणाला नाही, अगदी हसून म्हणाला. मला मात्र काही सुचेना. त्या प्रसंगाची आठवण काढावी, माफी मागावी, असं मनात आलं होतं. पण तेवढ्यात कुणीतरी त्याच्या हातात चिठ्ठी दिली. त्याने ती वाचली, मान वर केली, माइक तोंडाजवळ घेतला आणि गेटसमोर आडव्या लावलेल्या एमएच चौदाच्या पांढऱ्या गाडीचा नंबर सांगितला. चारही आकडे सुटे सुटे, दोनदा. मंडपाच्या पार मागच्या टोकाला बसलेला गाडीवाला हात पुसत उठला.